चाल, निवेदक आणि लय : लोकप्रिय इंग्रजी गीताची स्थित्यंतरे आणि त्यांचा मराठी स्वीकार

१

लोकप्रिय इंग्रजी गीताविषयी आपल्याकडे जे थोडेफार लिहिले-बोलले जाते, त्याच्या मुळाशी बहुधा एक गृहीतक असते. हे गीत दशकागणिक उतरत गेले, असे ते गृहीतक होय. पूर्वी त्यात सुरावट होती, आता नुसता ठोका उरला. पूर्वी काव्य होते, आता बडबड उरली, अशा शब्दांत ते व्यक्त होते. ही तक्रार केवळ ज्येष्ठ श्रोत्यांची राहिलेली नाही. अलीकडे तिला संख्याशास्त्राचा आधारही मिळू लागला आहे. जुआन सेरा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१२ साली १९५५ ते २०१० या कालखंडातील पाश्चात्य लोकप्रिय संगीताची मोजणी प्रसिद्ध केली. स्वरसंक्रमणांतील वैविध्य घटले आहे, ध्वनीचा पोत एकसाची होत चालला आहे आणि ध्वनिमुद्रणाची पातळी वाढली आहे, असा तिचा निष्कर्ष होता. २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या एका अभ्यासात १९७० ते २०२० या काळातील सुमारे १२,००० इंग्रजी गीतांचे शब्द तपासण्यात आले. ते अधिकाधिक सोपे आणि अधिकाधिक पुनरुक्तिप्रधान होत गेल्याचे त्यात नोंदवले आहे.

याच सुमारास झालेला आणखी एक अभ्यास मात्र या चित्रात बसत नाही. मॅथियास माउख आणि सहकाऱ्यांनी १९६० ते २०१० मधील अमेरिकन लोकप्रियता-यादीतल्या सुमारे १७,००० गीतांचे विश्लेषण २०१५ साली प्रसिद्ध केले. त्यांना सलग उतरती रेषा आढळली नाही. आढळल्या त्या १९६४, १९८३ आणि १९९१ च्या आसपासच्या तीन उलथापालथी. त्यांतील सर्वांत मोठी उलथापालथ १९९१ ची, आणि ती रॅप या प्रकाराच्या मुख्य प्रवाहातील प्रवेशाशी निगडित आहे.

या मोजण्यांची यथार्थता तपासणे हा प्रस्तुत लेखाचा विषय नाही. त्या काय मोजतात, हा प्रश्न मात्र साहित्यसमीक्षेच्या कक्षेतील आहे. गीताने आपला अर्थभार स्वरांवरून उचलून लयीवर आणि उच्चारावर ठेवला असेल, तर स्वरांच्या मोजपट्टीवर ते उणे दिसणारच. ओवीला अक्षरगणवृत्ताचे नियम लावले तर तीही सदोषच ठरेल. पुनरुक्तीचेही तसेच आहे. ध्रुपद परतून येते तेव्हा शब्द तेच असतात. मधल्या कडव्याने त्यांचा अर्थ बदललेला असतो. शब्दांची वारंवारता मोजणाऱ्या यंत्राला वारीतला नामघोष हा भाषेचा सर्वांत दरिद्री वापर वाटेल.

दुसरी गोष्ट अशी की, ऱ्हासाची ही तक्रार गीताइतकीच जुनी आहे. थिओडोर अडोर्नो यांनी लोकप्रिय संगीतावरील आपला प्रसिद्ध निबंध १९४१ साली लिहिला. ठरावीक मात्रांचे साचे, सुटे भाग बदलून तीच वस्तू पुनःपुन्हा विकणारा उद्योग आणि श्रोत्याला आलेली निष्क्रियता हे त्यांचे आक्षेप होते. आज ज्या काळाकडे सुरावटीचे सुवर्णयुग म्हणून पाहिले जाते, त्याच काळातील गीतांवर ते घेतलेले होते.

म्हणून येथे वेगळा प्रश्न विचारावयाचा आहे. लोकप्रिय इंग्रजी गीत बदलत असताना मराठी भाषकांनी त्यातून वेळोवेळी काय उचलले? या स्वीकाराचे तीन टप्पे स्पष्टपणे वेगळे करता येतात. पहिल्या टप्प्यात चाल घेतली गेली, दुसऱ्यात निवेदक, आणि तिसऱ्यात लय. हे गीत जसजसे शब्दप्रधान होत गेले, तसतसे ते मराठीला अधिक दुर्गम व्हावयास हवे होते. घडले ते याच्या उलट. या विरोधाभासाचा उलगडा करण्याचा प्रयत्न पुढे केला आहे.

२

तत्पूर्वी गीताच्या वाहकाचा विचार आवश्यक आहे. छापील कवितेची समीक्षा करताना कागदाचा आकार विसरता येतो. गीताच्या बाबतीत ही सोय नाही. मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या तबकडीच्या एका बाजूवर तीन-साडेतीन मिनिटेच मावत. एक भाव, दोन-तीन कडवी आणि परतणारे ध्रुपद हा इंग्रजी गीताचा रूपबंध या मर्यादेत घट्ट झाला. आपले भावगीतही १९३० नंतर याच तबकडीवर वाढले. त्याचा आटोपशीरपणा जितका कवीच्या स्वभावाचा, तितकाच तबकडीच्या व्यासाचा आहे.

१९४८ साली अमेरिकेत दीर्घ ध्वनिमुद्रिका आली आणि इंग्रजी गीताला सलग, अनेक गीतांची मिळून होणारी रचना शक्य झाली. तिचे सामर्थ्य ओळखले जाण्यास मात्र बराच काळ जावा लागला. बीटल्सच्या १९६७ मधील 'सार्जंट पेपर्स लोनली हार्ट्स क्लब बँड' या ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर गीतांचे शब्द छापण्यात आले. गीत हे वाचावयाची संहिताही आहे, याची ती जाहीर घोषणा होती. आपल्याकडे अशी सलग रचना तबकडीने दिली नाही, ती नभोवाणीने दिली. ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांचे 'गीतरामायण' १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून आठवड्याला एक या क्रमाने ५६ गीतांत उलगडले. इंग्रजी गीताचा इतिहास हाच सर्व गीतांचा इतिहास मानण्यातली चूक या एका उदाहरणावरून ध्यानात यावी.

पुढील वाहकांचा निर्देश थोडक्यात पुरे. १९८१ मध्ये सुरू झालेल्या एमटीव्हीने गीताला चेहरा आणि देह दिला. कॅसेटने ते स्वस्त केले. भारतात १९८० नंतरच्या दशकात कॅसेटमुळेच भीमगीते, भक्तिगीते आणि लोकगीते मोठ्या कंपन्यांच्या पसंतीवाचून गावोगाव पोहोचली. २००८ साली सुरू झालेल्या स्पॉटिफायसारख्या सेवांनी गीताची विक्री थांबवून श्रवणाची मोजणी सुरू केली. ३० सेकंद ऐकले गेले तरच ते श्रवण हिशेबात धरले जाते. साहजिकच गीताची प्रस्तावना आखूड झाली आणि ध्रुपद पुढे सरकले. यात अभिरुचीचा अधःपात शोधण्यापूर्वी तबकडीच्या तीन मिनिटांची आठवण ठेवणे बरे.

३

पहिला टप्पा चालीचा. या टप्प्याचे प्रातिनिधिक नाव सी. रामचंद्र यांचे आहे. रामचंद्र चितळकर यांचा जन्म १९१८ साली औरंगाबादच्या शेजारच्या अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील पुणतांब्याचा. 'शहनाई' (१९४७), 'समाधी' (१९५०), 'अलबेला' (१९५१), 'आशा' (१९५७) या हिंदी चित्रपटांतून त्यांनी स्विंग, लॅटिन अमेरिकी नृत्यताल आणि रॉक अँड रोल यांचे ठेके भारतीय श्रोत्याच्या कानावर रुजवले. चिक चॉकलेट या नावाने ओळखले जाणारे गोव्याचे वादक अंतोनियो झेवियर वाझ त्यांच्या वाद्यवृंदात होते. मुंबईच्या हॉटेलांतले जॅझ आणि चित्रपटातले गीत यांच्यामधला पूल अशा गोमंतकीय वादकांनी बांधला. मराठवाड्यातील सामान्य श्रोत्याने इंग्रजी गीत प्रथम ऐकले ते प्रायः याच रूपात, म्हणजे हिंदी चित्रपटातून आणि इंग्रजी शब्द गाळून.

या स्वीकाराचे वैशिष्ट्य असे की, त्यात मूळ शब्दांना काहीही स्थान नाही. 'आशा' मधील 'ईना मीना डीका' हे गीत तर निरर्थक ध्वनींवरच उभे आहे. ते गमतीचे गीत म्हणून सोडून दिले जाते. पण स्वीकाराच्या दृष्टीने ते अत्यंत अर्थपूर्ण आहे. इंग्रजी गीतातले शब्द कळत नसलेल्या श्रोत्याला ते गीत जसे ऐकू येते, तसेच ते येथे रचले आहे. परक्या भाषेचा नाद उरला आहे आणि अर्थ निघून गेला आहे. चाल ही सरहद्द सहज ओलांडते, कारण तिला अर्थाचे ओझे नेण्याची सक्ती नसते. मात्र त्यामुळेच या टप्प्याचा मराठी कवितेवर परिणाम झाला नाही. गीत आले, गीतातला माणूस आला नाही.

४

हा माणूस इंग्रजी गीतातही १९६० नंतरच ठळक झाला. त्यापूर्वीच्या व्यावसायिक गीतव्यवहारात गीत लिहिणारा एक, चाल बांधणारा दुसरा आणि गाणारा तिसरा असे. गीतातला 'मी' म्हणजे कोणीही प्रेमिक. तो जितका सर्वसामान्य, तितके गीत अधिक गायकांना विकता येई. ब्लूज या कृष्णवर्णीय गीतपरंपरेत मात्र 'मी' ला गाव होते, मालक होता, तुरुंग होता, आगगाडीचे तिकीट होते. बॉब डिलन यांनी अमेरिकन लोकगीत आणि ब्लूज यांतून हा 'मी' उचलून लोकप्रिय गीताच्या मध्यभागी आणला. १९६५ मधील त्यांचे 'लाइक अ रोलिंग स्टोन' सहा मिनिटांहून मोठे होते. आवाजही रूढ अर्थाने गोड नव्हता. गायनाची कसोटी माधुर्यावरून विश्वासार्हतेवर आली, आणि 'किती सुरेल गातो' याऐवजी 'कोण बोलतो आहे' हे श्रोता ऐकू लागला. गीताचे शब्द कागदावरील कविता म्हणून न तपासता विशिष्ट आवाजातील उक्ती म्हणून तपासावेत, असे पुढे सायमन फ्रिथ यांनी मांडले. त्या सिद्धांताची भूमी याच काळात तयार झाली.

मराठीत हा निवेदक ज्याच्या कानाने टिपला, तो कवी अरुण कोलटकर. १९७० नंतरच्या दशकाच्या पूर्वार्धात कोलटकरांनी इंग्रजीत गीते लिहिली, काही वादकांच्या साहाय्याने त्यांचे ध्वनिमुद्रणही करून पाहिले. त्यातून ध्वनिमुद्रिका निघाली नाही. काही गीते अरविंद कृष्ण मेहरोत्रा यांनी संपादित केलेल्या 'द बोटराइड अँड अदर पोएम्स' (२००९) या पुस्तकात मरणोत्तर प्रसिद्ध झाली. त्यांतील एका गीताचा निवेदक गरीब देशातला गरीब माणूस आहे. तो याचना करता करता श्रोत्याची थट्टाही करतो. हा स्वर ब्लूजच्या वळणाचा आहे, पण त्याची मुळे एकाच मातीत नाहीत. कोलटकर अर्जुन शेजवळ यांच्याकडे पखवाज शिकले होते, तुकारामांचे अभंग इंग्रजीत नेत होते आणि बळवंतबुवांच्या भजनी जगाशी त्यांचा दीर्घ सहवास होता. ब्लूजमध्ये पहिली ओळ म्हटली जाते, तीच पुन्हा म्हटली जाते आणि तिसरीत तिला उत्तर मिळते. भजनात ध्रुपदाकडे वारंवार परतण्याची आणि शेवटी नाममुद्रेने स्वतःला साक्षीस उभे करण्याची सवय ज्याच्या कानाला आहे, त्याला ही रीत अनोळखी वाटण्याचे कारण नव्हते.

इंग्रजी गीतांचा हा प्रयत्न व्यवहारात फसला. कवितेत तो फुकट गेला नाही. 'चिरीमिरी' (२००३) मधील बळवंतबुवांचा बोलता आवाज, त्यातला बेरकी भक्तिभाव आणि ध्रुपदासारखी परतणारी वाक्ये वाचताना गीतकार कोलटकर मागे उभे आहेत असे जाणवते. कोलटकरांच्या या संग्रहाला केवळ संतपरंपरेचा किंवा केवळ पाश्चात्य आधुनिकतेचा वारसा लावणारे वाचन म्हणूनच अपुरे पडते. येथे परंपरेला परंपरा भेटली आहे, आणि भेटीचे ठिकाण लोकप्रिय गीत हे आहे.

या संदर्भात औरंगाबादच्या वाङ्मयीन इतिहासातील एक रिकामी जागा लक्षात घेण्यासारखी आहे. १९५० साली स्थापन झालेले मिलिंद महाविद्यालय आणि १९६० नंतरच्या दशकाच्या अखेरीस गंगाधर पानतावणे यांनी सुरू केलेले 'अस्मितादर्श' यांच्याभोवती दलित साहित्याची जी चर्चा घडली, तिच्यात कृष्णवर्णीय अमेरिकन साहित्याचा संदर्भ आरंभापासून होता. अमेरिकेत शिक्षण घेऊन आलेल्या म. ना. वानखेडे यांचा त्यात मोठा वाटा आहे. जनार्दन वाघमारे यांनी या साहित्याचा परिचय ग्रंथरूपाने करून दिला. १९७२ मध्ये स्थापन झालेल्या दलित पँथरने तर नावच तिकडून घेतले. परंतु या चर्चेत कादंबरी, आत्मचरित्र आणि कविता यांना जे स्थान मिळाले, ते ब्लूज आणि गॉस्पेल यांना मिळाले नाही. कृष्णवर्णीय अमेरिका आपण वाचली, ऐकली नाही. याच वेळी भीमगीतांचे जलसे वस्त्यावस्त्यांतून रंगत होते. वामनदादा कर्डक (१९२२-२००४) अखेरच्या कडव्यात 'वामन' ही नाममुद्रा गुंफून गात होते. ब्लूजशी खरी तुलना या गीताची होती. पण गीताला साहित्यविचारात जागा नसल्यामुळे ती झाली नाही.

५

तिसरा टप्पा लयीचा. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात १९७३ साली तबकड्यांतील केवळ तालाचे तुकडे पुनःपुन्हा वाजवून त्यांवर बोलण्याची प्रथा पडली. १९७९ मध्ये तिची ध्वनिमुद्रिका गाजली, १९८२ च्या 'द मेसेज' ने तिला वस्तीचे वास्तव दिले, आणि २०१७ साली अमेरिकेतील सर्वाधिक ऐकला जाणारा संगीतप्रकार म्हणून हिप-हॉप आणि त्याच्या निकटच्या प्रकारांनी रॉकला मागे टाकले. चाल येथे पार्श्वभूमीला गेली. उरली ती तालावर तोललेली बोली.

मराठीत रॅप आला तेव्हा 'हा तर आपला पोवाडाच' असे कौतुकाने म्हटले गेले. हे साम्य वरवरचे आहे. डफ-तुणतुण्याचा ठेका, गद्य-पद्याची सरमिसळ आणि झीलकऱ्यांची साथ यांचे प्रतिरूप रॅपमध्ये सापडते. परंतु पोवाड्याचा शाहीर दुसऱ्याचा पराक्रम सांगतो, रॅपकार स्वतःचे नाव, स्वतःची गल्ली आणि स्वतःचा वाद घेऊन येतो. नाममुद्रा शेवटून आरंभी आली आहे. नाते जोडावयाचे तर ते जलशातील सवाल-जवाबाशी आणि भीमगीताच्या 'आम्ही' शी अधिक सयुक्तिक ठरेल. तेथेही 'आम्ही' कडून 'मी' कडे झालेला प्रवास नजरेआड करता येणार नाही.

खरा प्रश्न छंदाचा आहे. इंग्रजी ही आघातप्रधान भाषा असल्याने आघात ठोक्यावर पडला की मधली अक्षरे कमी-अधिक झाली तरी लय सांभाळली जाते. मराठीत आघाताचे असे राज्य नाही; आपली पद्यरचना लघु-गुरू, मात्रा आणि अक्षरसंख्या यांवर चालते. मराठी रॅपकाराला म्हणून एक तर बोलीतील दीर्घ स्वर ठोक्यावर आणावा लागतो, नाही तर शब्दाला उसना आघात द्यावा लागतो. दुसरा मार्ग पत्करणारी रचना इंग्रजी बोलणाऱ्याने मराठी वाचावी तशी कानाला लागते. यमकाची अडचण उलट्या बाजूची आहे. इंग्रजीत यमक महाग, मराठीत ते फार स्वस्त. क्रियापद वाक्याच्या शेवटी येत असल्याने 'गेला-आला-झाला' अशी यमके न शोधता मिळतात, आणि अनेक रचना त्यातच संपतात. समर्थ रचना क्रियापद अलीकडे ओढून यमक नामावर नेते किंवा ओळीच्या पोटात अंतर्यमके पेरते. मोरोपंतांच्या आर्यांत जे कौशल्य पांडित्याचे लक्षण मानले गेले, तेच येथे रस्त्यावरच्या बोलीत अवतरते. माधवराव पटवर्धनांच्या 'छंदोरचने' नंतर मराठी छंदःशास्त्राला नवे द्रव्य हवे असेल, तर ते येथे आहे.

'स्वदेसी' या मुंबईच्या गटाच्या 'द वारली रिव्होल्ट' (२०१९) मध्ये मराठी रॅपशेजारी आरे परिसरातील प्रकाश भोईर यांचे आदिवासी गायन येते. दोन लयींना एकमेकींत विरघळू न देता समोरासमोर ठेवल्यामुळे तेथे जंगल आणि शहर यांचा वाद केवळ विषयात न राहता रूपबंधात उतरतो. छत्रपती संभाजीनगरचा राज मुंगसे याने राज्यातील सत्तांतरावर केलेला रॅप समाजमाध्यमांतून सर्वत्र पसरला आणि एप्रिल २०२३ मध्ये त्याच्यावर गुन्हा नोंदवला गेला. त्या रचनेच्या राजकीय भूमिकेशी सहमत व्हावे की न व्हावे, हा येथे मुद्दा नाही. स्वीकाराच्या तीन टप्प्यांतील अंतर मात्र या घटनेने स्पष्ट होते. चालीवरून वाद झालाच तर तो स्वामित्वहक्काचा होतो. उक्तीवरून गुन्हा नोंदला जातो. सी. रामचंद्रांनी घेतलेल्या चालीतून कोणी काही 'म्हटले' नव्हते. येथे म्हटले गेले आहे, आणि राज्यसंस्थेने ते म्हटलेले म्हणून ऐकले आहे.

अमेरिकेतही रॅपचे शब्द फौजदारी खटल्यांत गीतकाराविरुद्ध पुरावा म्हणून मांडले गेले. त्यावर मर्यादा घालणारा कायदा कॅलिफोर्नियाने २०२२ साली केला. गीतातील 'मी' आणि गीत लिहिणारा माणूस यांत भेद करावा की नाही, हा पदव्युत्तर वर्गात निवेदनमीमांसेच्या पहिल्या तासाला येणारा प्रश्न आता न्यायालयासमोर आहे. या प्रश्नावर आपले शास्त्र शतकभर विचार करीत आले आहे. गीताच्या बाबतीत मात्र त्याने मौन बाळगले, आणि ते मौन तटस्थ राहत नाही. ज्याची उक्ती कलाकृती म्हणून कोणी वाचलेलीच नाही, त्याची उक्ती कबुलीजबाब म्हणून वाचली जाणे सोपे होते.

६

आरंभी ज्या विरोधाभासाचा उल्लेख केला, त्याचा उलगडा आता करता येईल. चाल घेणाऱ्याला शब्दांची गरज नव्हती. म्हणून चाल येऊनही मराठी भाषेत काही हालले नाही. निवेदक घेणाऱ्याला दोन्ही परंपरा आतून ठाऊक असाव्या लागल्या. म्हणून तो स्वीकार एका असामान्य कवीपुरता राहिला. लय घेणाऱ्याला मात्र मूळ इंग्रजी शब्द नकोत आणि मूळ चालही नको. त्याला हवी असते ती स्वतःच्या बोलीत तालावर बोलण्याची मुभा. गीत शब्दप्रधान झाले म्हणजे ते भाषांतराला अधिक कठीण होते, हे खरेच. पण ते भाषांतराला कठीण झाल्यामुळेच प्रत्येक भाषेला ते नव्याने रचावे लागते. ऱ्हासाच्या मोजपट्टीवर जे सर्वांत खाली दिसते, तेच भाषेच्या दृष्टीने सर्वांत उत्पादक ठरले आहे.

सन्मानसंस्थांनाही हा बदल कोणत्या खान्यात टाकावा हे उमगलेले नाही. २०१६ मध्ये डिलन या गायकाला साहित्याचे नोबेल मिळाले. २०१८ मध्ये केंड्रिक लमार या रॅपकाराला पुलित्झर मिळाले, ते संगीताचे. गाणाऱ्याचा गौरव शब्दांसाठी आणि बोलणाऱ्याचा गौरव संगीतासाठी झाला. यातला गोंधळ खान्यांचा आहे, गीताचा नाही. ओवी, अभंग, लावणी आणि पोवाडा यांनाच आपले काव्य मानून वाढलेल्या भाषेला तरी हे खाने अपरिहार्य वाटण्याचे कारण नाही. तरीही आपण 'गीत' आणि 'कविता' यांच्यात भिंत घातली आणि वामनदादांना तिच्या पलीकडे ठेवले.

ही भिंत काढणे म्हणजे सरसकट गौरव करणे नव्हे. मराठी रॅपमधील पुष्कळसे यमक आळशी आहे, आत्मप्रौढी उसनी आहे, स्त्रीविषयक भाषा अनेकदा निंद्य आहे, आणि हे सांगणे समीक्षेचेच काम आहे. पण ते सांगण्यासाठी आधी ऐकावे लागेल. छंदःशास्त्र, निवेदनमीमांसा आणि वाहकाचा इतिहास ही तीन साधने एकत्र वापरावी लागतील. प्रबंधविषय शोधणाऱ्या विद्यार्थ्याने मराठवाड्यातील जलशांची आणि कॅसेटकाळातील भीमगीतांची ध्वनिमुद्रणे संहिता म्हणून हाती घ्यावीत, कवीचे, गायकाचे आणि वस्तीचे नाव टिपावे, आणि त्यांच्याशेजारी आजचा रॅप ठेवून पाहावा. फितीवरचा आवाज कागदापेक्षा लवकर पुसला जातो. या कामाला फार उशीर करून चालणार नाही.